पडद्याची मालकी

गोदावरीच्या काठी, चांगदेवांच्या समाधीच्या सान्निध्यात नांदत आलेल्या पुणतांबा गावाने १ जून २०१७ या दिवशी जे केले, त्याला मराठी मुलखाच्या इतिहासात फारसे दाखले नाहीत. १९३३ साली अलिबागनजीकच्या चरी गावातील कुळांनी खोतांविरुद्ध पुकारलेला आणि काही वर्षे चाललेला संप वगळला, तर शेतकरी संपावर जातो ही कल्पनाच आपल्याकडे रुजलेली नव्हती. मोर्चा काढणे, रस्ता अडविणे, मामलेदार कचेरीपुढे धरणे धरणे हे रयतेच्या अंगवळणी पडलेले होते. परंतु दूध डेअरीला घालावयाचे नाही, भाजीपाला बाजारात न्यावयाचा नाही, आपल्या कुटुंबापुरते पिकवावयाचे आणि बाकीच्या जगाने आपले पाहून घ्यावे असे म्हणावयाचे, हा निर्णय ग्रामसभेच्या ठरावाने घेऊन तो राज्यभर पोहोचविण्याचा मान राहाता तालुक्यातील या गावाकडे जातो. संपापाठोपाठ कर्जमाफीची घोषणा झाली, तिच्या अटींवर वाद झाले, अर्जांचे गठ्ठे दफ्तरी दाखल झाले. माझ्या मते मात्र त्या संपाने विचारलेला मूळ प्रश्न कर्जाचा नव्हताच. ज्याने माल निर्माण केला त्याला त्याची किंमत ठरविण्याचा अधिकार नसेल, तो माल कोठे, केव्हा आणि कोणापुढे मांडला जावा हे त्याच्या हाती नसेल, तर तो मालक कशाचा, हा तो प्रश्न होता.

चित्रपटाविषयी लिहावयास बसलेल्या माणसाने येथून आरंभ करावा, याचे कारण गेल्या शंभराहून अधिक वर्षांत ज्यांनी ज्यांनी स्वतःच्या हिमतीवर मराठी मुलखात चित्रपट काढले, त्यांच्यापुढे अखेरीस हाच प्रश्न उभा राहिला आणि बहुतेकांच्या बाबतीत त्याचा निकाल त्यांच्याविरुद्ध लागला. स्वतंत्र दिग्दर्शक म्हटला की आपल्या मनात एक ठरावीक चित्र येते : नट नामांकित नाहीत, पैसा घरचा किंवा मित्रांचा, विषय कोणा धनिकाच्या संमतीची वाट न पाहता निवडलेला, आणि संकलनाच्या वेळी शेवटचा शब्द स्वतःचा. यात खोटे काही नाही. परंतु या सर्व गोष्टी निर्मितीच्या बाजूच्या आहेत, आणि चित्रपट निर्मितीने पुरा होत नाही. तो अंधारात शेजारी शेजारी बसलेल्या अनोळखी माणसांपुढे उजळतो तेव्हाच पुरा होतो. आणि ज्या पडद्यावर तो उजळावयाचा तो पडदा कोणाच्या मालकीचा, त्यावर किती दिवस, दिवसातून किती वेळा आणि कोणत्या प्रहरी तो दिसावयाचा हे कोण ठरवितो, यावरच दिग्दर्शकाच्या स्वातंत्र्याची खरी व्याप्ती ठरते. कॅमेऱ्यामागचे स्वातंत्र्य आपण पुष्कळ मिळविले. पडद्यापाशी मात्र आपला दिग्दर्शक आजही कूळच आहे.

याच गोदावरीच्या उगमाशी, त्र्यंबकेश्वरी, ३० एप्रिल १८७० रोजी जन्मलेले धुंडिराज गोविंद फाळके हे आपले पहिले स्वतंत्र निर्माते-दिग्दर्शक. १९११ साली गिरगावात ख्रिस्तचरित्राचा चित्रपट पाहून त्यांनी जो ध्यास घेतला, त्याची कथा शाळकरी मुलांनाही ठाऊक आहे : विम्याची पॉलिसी तारण ठेवून गाठलेले लंडन, तेथून आणलेला विल्यमसन कॅमेरा, वाटाण्याचे रोप उगवून वर येताना दिवसामागून दिवस टिपून केलेली छोटीशी फिल्म, ती पाहून पुढे आलेला सावकार, आणि तेवढ्याने भागेना तेव्हा गहाण पडलेले सरस्वतीबाईंचे दागिने. या कथेतील एक तपशील मला इतर सर्वांहून मोलाचा वाटतो. त्या काळी कच्ची फिल्म काठांना छिद्रे न पाडलेली अशी येई, आणि छिद्रांवाचून ती कॅमेऱ्याच्या दातांवर चढत नसे. दिवसभर कंपनीतील सर्व माणसांचे जेवणखाण सांभाळून झाल्यावर, रात्री दादरच्या घरात, उजेडाचा कणही आत शिरणार नाही अशा काळोखात सरस्वतीबाई छिद्रे पाडण्याचे यंत्र घेऊन बसत. बोटांनी कड चाचपावयाची, फिल्म यंत्रात सरकवावयाची, दाब द्यावयाचा, पुन्हा सरकवावयाची. हा क्रम शेकडो फूट चालावयाचा आणि त्यातील अंतर चुकले तर पडद्यावर चित्र हादरावयाचे. भारतीय चित्रपटाच्या श्रेयनामावलीत या श्रमाला जागा मिळाली नाही; परंतु स्वतंत्र निर्मिती म्हणजे एका घराने आपले दागिने, आपली रात्र आणि आपली बोटे पणास लावणे, हा अर्थ त्या काळोखातच सिद्ध झाला होता.

‘राजा हरिश्चंद्र’ ३ मे १९१३ रोजी मुंबईच्या कॉरोनेशन चित्रगृहात लागला. त्यानंतरचा सुरतेचा प्रसंग फाळक्यांच्या चरित्रात बहुधा गमतीची गोष्ट म्हणून सांगितला जातो. मला तो सर्वांत गंभीर वाटतो. सुरतेत पहिल्या खेळाचे उत्पन्न तीन रुपये झाले. तेथील भागीदार म्हणाला, की येथील प्रेक्षक दोन आण्यांत सहा तासांचे नाटक पाहतो, तेव्हा खेळ तरी लांबवा किंवा दर तरी उतरवा. फाळक्यांनी दोन्ही नाकारले आणि जाहिरातच बदलली : सत्तावन्न हजार छायाचित्रांचा खेळ, दोन मैल लांब आणि पाऊण इंच रुंद असे चित्र, आणि हे सारे तीन आण्यांत. उत्पन्न तीनशे रुपयांवर गेले. येथे फाळके हे केवळ दिग्दर्शक नव्हते, केवळ निर्मातेही नव्हते. प्रेक्षकाच्या दारात स्वतः उभे राहून आपल्या मालाचा भाव आपण ठरविणारे ते गृहस्थ होते. ‘लंकादहन’च्या वेळी तिकिटांची नाणी बैलगाडीत भरून न्यावी लागली असे सांगतात, ती नाणी निर्मात्याच्या घरी आली, कारण मधली वाट आखूड होती.

ती वाट लांबली तेव्हा फाळक्यांचे स्वातंत्र्य आटले. १९१८ साली नाशिकला हिंदुस्थान सिनेमा फिल्म कंपनी उभी राहिली, भांडवलदार भागीदार आले, हिशेबाचे आणि खर्चाचे वाद आले. फाळके कंपनी सोडून काशीला गेले, तेथे त्यांनी ‘रंगभूमी’ नाटक लिहिले, पुढे परतले, पण ज्या संस्थेचे ते प्राण होते तिच्यात त्यांची स्थिती मालकाची उरली नाही. १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिकला त्यांचे देहावसान झाले, तेव्हा त्यांनी जन्मास घातलेला धंदा लाखोंची उलाढाल करीत होता. फाळके कलावंत होते, व्यवहारी नव्हते, असा निवाडा देऊन या शोकांतिकेची बोळवण करण्याचा प्रघात आहे. तो मला मान्य नाही. सुरतेत तीन रुपयांचे तीनशे करणारा मनुष्य अव्यवहारी नसतो. त्यांचा व्यवहार जोवर थेट प्रेक्षकाशी होता तोवर तो चोख होता. मध्ये मक्तेदार उभे राहिल्यावर कोणाचाही व्यवहार चोख राहात नाही.

कोल्हापूरच्या बाबूराव पेंटरांनी तर कॅमेराही घरीच तयार केला. त्यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीला भांडवल दिले ते तानीबाई कागलकर या गायिकेने, आणि त्याच कंपनीने १९२५ साली ‘सावकारी पाश’ काढला. बनावट दस्तऐवजाच्या बळावर सावकाराने जमीन बळकावलेला आणि अखेर शहराकडे मजुरीला गेलेला शेतकरी हा त्याचा नायक. ती भूमिका तरुण शांताराम वणकुद्रे यांनी केली. पौराणिक चमत्कारांचे पट खोऱ्याने पैसा ओढीत असताना पेंटरांनी हा विषय घ्यावा, ही स्वतंत्र निर्मात्याच्या धैर्याची परमावधी होती. मराठी चित्रपटाने इतक्या आरंभीच कुळाची कथा सांगावी यात मला केवळ योगायोग दिसत नाही; जो स्वतः सावकाराच्या उंबऱ्यावर उभा राहिला आहे, त्यालाच सावकारी पाशाची वीण कळते.

पेंटरांच्या शिष्यांनी १ जून १९२९ रोजी कोल्हापुरात ‘प्रभात’ स्थापन केली आणि १९३३ साली ती पुण्यास आणली. ‘प्रभात’च्या यशाची मीमांसा करताना दामले-फत्तेलालांची कला, शांतारामांची दृष्टी, ‘संत तुकाराम’ला १९३७ साली व्हेनिसमध्ये मिळालेला मान यांचा उल्लेख सर्वजण करतात, आणि तो रास्तच आहे. मात्र वितरण बाबूराव पै या घरच्या माणसाच्या ‘फेमस पिक्चर्स’कडे होते आणि पुण्यात ‘प्रभात’ या नावाचे चित्रगृह हाताशी होते, या गोष्टीला जेवढे महत्त्व द्यावयास हवे तेवढे दिले जात नाही. पुढे १९४२ साली शांतारामबापूंनी ‘राजकमल’ उभारले. दादरचे ‘प्लाझा’ चित्रगृहही त्यांच्याकडे आले. दिग्दर्शक म्हणून त्यांनी जे प्रयोग केले ते पेलण्याची ताकद त्यांना कोठून आली, याचा शोध घेणाऱ्याने कलादालनाइतकेच तिकिटाच्या खिडकीकडेही पाहिले पाहिजे. उलट उदाहरण दादा कोंडके यांचे. १९७१ साली ‘सोंगाड्या’ तयार होऊनही दादरच्या ‘कोहिनूर’मध्ये त्याला जागा मिळेना; अखेर बाळासाहेब ठाकरे यांनी मध्ये पडल्यावर तो लागला आणि मग त्याने जी गर्दी खेचली ती सर्वश्रुत आहे. लोकांना हवा असलेला चित्रपट आणि तो पाहू इच्छिणारे लोक यांची भेट घडविण्यास कोणा बलवानाचा शब्द लागावा, ही व्यवस्था निरोगी नव्हे. ज्यांच्यासाठी असा शब्द टाकणारा कोणी नव्हता, त्या निर्मात्यांची नावे आपल्याला ठाऊकच नाहीत.

आता अहमदनगर जिल्ह्याकडे, म्हणजे आजच्या अहिल्यानगरकडे येतो. कारण स्वतंत्र निर्मात्याची जात या दुष्काळी, कष्टाळू मुलखाने विशेष जोपासली आहे. जामखेडचे रामदास फुटाणे हे चित्रकलेचे शिक्षक. पुढे महाराष्ट्र त्यांना वात्रटिकाकार म्हणून ओळखू लागला. परंतु त्यांचे मोठे कर्तृत्व मी मानतो ते ‘सामना’ची निर्मिती. विजय तेंडुलकरांची लेखणी, डॉ. जब्बार पटेल यांचे चित्रपटातील पहिलेच दिग्दर्शन, भास्कर चंदावरकरांचे संगीत, आणि पडद्यावर समोरासमोर निळू फुले व डॉ. श्रीराम लागू. एका शिक्षकाने निर्माता होऊन सहकारी साखर कारखानदारीतील सर्वसत्ताधीशाकडे बोट दाखवावे, आणि तेही ज्या जिल्ह्यात त्या कारखानदारीचा पाया घातला गेला त्या जिल्ह्यातील माणसाने दाखवावे, हे साहस आज वाटते त्याहून कितीतरी मोठे होते. १९७५ साली तो बर्लिनच्या महोत्सवात गेला. पुढे १९७८ साली फुटाण्यांनी ‘सर्वसाक्षी’ स्वतः दिग्दर्शित केला. अंधश्रद्धेच्या अघोर रूपाला हात घालणारा तो चित्रपट. एवढी समज, एवढे धैर्य आणि दोन असे चित्रपट पदरी असलेल्या माणसाच्या नावावर दिग्दर्शक म्हणून त्यानंतर इतके थोडे काम असावे, हे दुःख त्यांचे एकट्याचे नाही. समाजाने एका दिग्दर्शकाची कारकीर्द अशीच विरून जाऊ दिली, असे मी म्हणेन.

पुढच्या पिढीत नगरच्या न्यू आर्ट्स महाविद्यालयातील संज्ञापन अभ्यासाच्या वर्गाने जे घडविले ते कोणत्याही महानगरी संस्थेला भूषणास्पद ठरावे. करमाळा तालुक्यातील जेऊरचे नागराज मंजुळे येथे शिकले; ‘पिस्तुल्या’ हा त्यांचा राष्ट्रीय पारितोषिकप्राप्त लघुपट याच काळातला. शिरूर भागातील शेतकरी कुटुंबातले भाऊराव कऱ्हाडे येथेच शिकले आणि त्यांनी ‘ख्वाडा’ काढला. फिरस्त्या मेंढपाळाच्या कुटुंबाची ती कथा. कळप, पाल, जनावरांची नजर, आणि कोठेही स्थिर होऊ न देणारी गावपुढाऱ्यांची दांडगाई. त्यासाठी कऱ्हाडे यांनी आपली शेतजमीन विकली. ६२व्या राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत ‘ख्वाडा’चा विशेष उल्लेख झाला, त्याच्या ध्वनिमुद्रणालाही पारितोषिक मिळाले, आणि २०१५च्या ऑक्टोबरात तो प्रदर्शित झाला. शेतकऱ्याने जमीन विकणे म्हणजे काय हे ज्याला ठाऊक आहे, त्याला या निर्मितीचे वजन समजावून सांगण्याचे कारण नाही. विम्याची पॉलिसी, बायकोचे दागिने, आणि आता सातबारा : शंभर वर्षांत तारणाची वस्तू बदलली, तारण द्यावे लागणे चुकले नाही.

त्याहून बोलका प्रसंग २०२३ सालचा. ‘बबन’सारखा यशस्वी चित्रपट मध्यंतरी पदरी पडूनही याच दिग्दर्शकाचा ‘टीडीएम’ एप्रिलअखेर प्रदर्शित झाला तेव्हा त्याला पुरेसे खेळ मिळेनात, मिळाले ते आडवेळी, आणि प्रेक्षक मागणी करीत असता खेळ रद्द होऊ लागले. शेवटी प्रदर्शन थांबवून जूनमध्ये तो नव्याने लावावा लागला. याचा अर्थ असा, की राष्ट्रीय मान, आधीचे व्यावसायिक यश, मोठा ग्रामीण चाहतावर्ग, यांतील कशानेही पडद्यापाशी हक्क निर्माण होत नाही. प्रत्येक चित्रपटाला पुन्हा उमेदवार म्हणूनच रांगेत उभे राहावे लागते.

या व्यवहाराची अंतर्रचना एकदा जवळून पाहिली पाहिजे. कांदा घेऊन बाजार समितीत गेलेल्या शेतकऱ्याच्या हाती पूर्वापार एक पट्टी पडत आली आहे. तिच्यावर वर मालाचे वजन आणि भाव, खाली हमाली, तोलाई, वाराई, पूर्वी आडतही, गाडीभाडे, आणि सर्वांत तळाशी उरलेली रक्कम. भाव पडलेल्या दिवशी ती रक्कम उलटी, म्हणजे शेतकऱ्याकडूनच येणे, अशीही निघाल्याची उदाहरणे वर्तमानपत्रांत छापून आली आहेत. निर्मात्याच्या हाती येणारा हिशेब याच घराण्यातला आहे. तिकिटाच्या दरातून आधी कर जातो. उरलेल्या रकमेत चित्रगृहाचा वाटा. २००९च्या तडजोडीनुसार बहुपडदा चित्रगृहांत पहिल्या आठवड्यास निर्माता-वितरकाकडे ५० टक्के, दुसऱ्यास ४२.५, तिसऱ्यास ३७.५ आणि पुढे ३० टक्के असे प्रमाण ठरले. त्यातून वितरकाचे कमिशन, प्रसिद्धीचा खर्च, आणि फिल्मची रिळे जाऊन डिजिटल प्रक्षेपण आल्यावर प्रत्येक पडद्यामागे आकारली जाणारी व्हर्च्युअल प्रिंट फी. रिळाचा खर्च वाचला तो निर्मात्याचा. परंतु यंत्राचा खर्च पडद्याच्या मालकाचा असूनही तो निर्मात्याच्याच खात्यावर बसला. उतरत्या टक्केवारीचा अर्थही लक्षात घ्यावा. जाहिरातीच्या जोरावर पहिल्या तीन दिवसांत गर्दी खेचणारा चित्रपट आपला वाटा ५० टक्क्यांनी उचलून मोकळा होतो. आणि एकाने दुसऱ्याला सांगितल्यामुळे तिसऱ्या आठवड्यात ज्याची गर्दी वाढते, त्या अल्पभांडवली चित्रपटाला नेमका त्याच्या सुगीच्या दिवसांत कमी दर मिळतो. अर्थात तिसऱ्या आठवड्यापर्यंत तो पडद्यावर राहिला तर.

ही तडजोड झाली कशी? एप्रिल ते जून २००९ या काळात हिंदीतील बड्या निर्मात्यांनी बहुपडदा चित्रगृहांना नवे चित्रपट देणे बंद केले होते. म्हणजे पुणतांब्याच्या आठ वर्षे आधी, मुंबईच्या श्रीमंत निर्मात्यांनीही माल न देण्याचे तेच हत्यार उपसले होते, आणि त्यांना काही मिळालेही. फरक इतकाच, की त्यांच्यापाशी थांबण्याची ऐपत होती. जमीन विकून एकच चित्रपट काढलेला मनुष्य संप करील तो कशाच्या बळावर? त्याचा माल तर एकुलता एक असतो, आणि नाशवंतही.

यावर पहिला आक्षेप असा घेतला जाईल, की जमाना बदलला. कॅमेरे स्वस्त झाले, फोनवरही चित्रण होते, आणि प्रेक्षक आता घरबसल्या पाहतो, तेव्हा चित्रगृहाचा बाऊ कशाला? कॅमेरे स्वस्त झाले हे खरे, आणि त्याचे मी मनापासून स्वागत करतो. पण पीक वाढल्याने शेतकऱ्याची मुक्तता झाल्याचे कोणी पाहिलेले नाही. घरबसल्या पाहावयाच्या मंचांविषयी मोठी आशा होती. तिचा काही अंश खराही ठरला. सुमित्रा भावे यांचा ‘दिठी’ त्यांच्या निधनानंतर २०२१ साली या मार्गाने घरोघरी पोहोचला. तरीही हा पडदा अखेर कोणाचा? तो आपल्यापासून अधिक दूरच्या, ज्यांच्याशी बोलणेही शक्य नाही अशा धन्यांचा आहे. कोणते चित्र घ्यावयाचे आणि घेतल्यावर ते दर्शनी ठेवावयाचे की तळघरात टाकावयाचे, याचा निर्णय तेथेच होतो. पूर्वीचा थिएटरमालक निदान गावात राहात होता.

दुसरा मार्ग सरकारचा. महाराष्ट्र शासनाने १९७५ पासून करपरताव्याची आणि पुढे थेट अनुदानाची योजना चालविली. गेली अनेक वर्षे ‘अ’ दर्जाच्या चित्रपटास ४० लाख आणि ‘ब’ दर्जाच्या चित्रपटास ३० लाख असे तिचे स्वरूप राहिले. एप्रिल २०१५ मध्ये मराठी चित्रपटाला मोक्याच्या वेळचा खेळ देण्याचा आदेशही निघाला. हे उपकारक आहे आणि कृतज्ञतेने नोंदविले पाहिजे. तरीही अनुदान चित्रपट पुरा झाल्यावर, समितीने पाहिल्यावर आणि दर्जा ठरविल्यावर मिळते. दरम्यानच्या काळातले व्याज निर्मात्याच्या डोक्यावर असते. ही तगाई आहे. तगाईने हंगाम निभावतो, बाजार बदलत नाही.

बाजार बदलण्याचा एक प्रयोग पुणतांब्याच्याच तालुक्यात होऊन गेलेला आहे. लोणीजवळ प्रवरेच्या काठी विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी ऊस उत्पादकांचा जो सहकारी कारखाना उभा केला आणि ज्याचे गळीत १९५०च्या सुमारास सुरू झाले, त्यामागचा विचार साधा होता : ऊस आमचा असेल, तर तो गाळणारे यंत्रही आमचे असले पाहिजे. हाच विचार चित्रपटाला लागू पडतो काय, याचे उत्तर गुजरातच्या दूध उत्पादकांनी १९७६ साली दिले. श्याम बेनेगल यांच्या ‘मंथन’साठी पाच लाख सभासदांनी प्रत्येकी दोन रुपये दिले, आणि तो तयार झाल्यावर आपला चित्रपट पाहावयास ते ट्रक भरभरून शहरातल्या चित्रगृहांकडे आले. हे दोन रुपये देणगी नव्हती, सावकारीही नव्हती. तो प्रेक्षकाचा भाग होता. २०२४ साली याच ‘मंथन’ची जतन केलेली प्रत कान महोत्सवात दाखविली गेली. मात्र ‘मंथन’ने भांडवलाचा प्रश्न सोडविला तोही एकदाच, आणि पडदा शहरात होता तेथेच राहिला.

पडदा गावात आणण्याचे काम कर्नाटकात हेग्गोडू या खेड्याने केले. के. व्ही. सुब्बण्णा यांच्या ‘नीनासम’ने १९७३ साली तेथे चित्रपट मंडळ काढले आणि सुपारीच्या बागांत राबणाऱ्या माणसांना डी सिका, सत्यजित राय यांचे चित्रपट दाखविले, खेडुताला हे कळेल काय, या शहरी शंकेचे तेथे कायमचे निरसन झाले. आपल्या मुलखात तंबू टॉकीजची परंपरा तर कितीतरी जुनी. जत्रेच्या मोसमात ट्रकवर यंत्र लादून गावोगाव जाणाऱ्या, तंबूत खेळ लावणाऱ्या त्या मंडळींवर २०१६ साली ‘द सिनेमा ट्रॅव्हलर्स’ हा माहितीपट निघाला आणि कानला गौरविला गेला. आपण मात्र त्या तंबूंची दखल घेतली ती ते मोडकळीस आल्यावर. डॉ. मोहन आगाशे यांनी ‘अस्तु’ आणि ‘कासव’ हे सुमित्रा भावे-सुनील सुकथनकर यांचे चित्रपट संस्थासंस्थांतून नेऊन खेळानंतर प्रेक्षकांशी चर्चा केल्या. २०१६ सालच्या सर्वोत्कृष्ट चित्रपटाचे सुवर्णकमळ मिळालेल्या ‘कासव’ला अशी पायपीट करावी लागली हे जितके खेदाचे, तितकेच ती पायपीट शक्य आहे हे आशेचे.

माझी सूचना या सर्वांवरून निघते. गोदाकाठच्या आणि प्रवराकाठच्या गावांनी मिळून प्रदर्शनाची एक सहकारी संस्था काढावी. निर्मितीची नव्हे, प्रदर्शनाची. यंत्र, पडदा, ध्वनियोजना संस्थेच्या मालकीची. जागा शाळेचे सभागृह, मंगल कार्यालय, बाजारतळ. ५०० गावांत एका चित्रपटाचा एकेक खेळ, खेळास २०० प्रेक्षक, तिकीट ५० रुपये, एवढे धरले तरी ढोबळ उत्पन्न ५० लाख होते, म्हणजे शासनाच्या ‘अ’ दर्जाच्या अनुदानाहून अधिक. त्यातून यंत्राचा, जागेचा, प्रवासाचा खर्च वजा जाईल हे उघड आहे. पण वाट्याची टक्केवारी उतरती न ठेवता चढती ठेवता येईल, म्हणजे चित्रपट जितका काळ गावोगाव मागितला जाईल तितका निर्मात्याचा वाटा वाढेल. आणि हिशेबाची पट्टी ग्रामसभेत वाचून दाखविता येईल.

सर्वांत भेदक आक्षेप मी मुद्दाम शेवटी ठेवला आहे. सहकाराचे गोडवे गाताना त्याच सहकारातून निपजलेल्या सरंजामदारांचे काय, असे विचारले जाईल. आणि तो प्रश्न तर ‘सामना’ने पन्नास वर्षांपूर्वी विचारून ठेवला आहे. ज्या संस्थेच्या हाती पडदा, तिचा चेअरमन उद्या असा चित्रपट लावू देईल काय? हा धोका काल्पनिक नाही, आणि त्यावर चेअरमनच्या सद्भावनेचा उतारा चालणार नाही. म्हणून चित्रपटांची निवड संचालक मंडळाकडे असता कामा नये. ती दरसाल बदलणाऱ्या, प्रेक्षक-सभासदांतून चिठ्ठी टाकून निवडलेल्या पंचांकडे असावी. नाकारलेल्या चित्रपटाचे कारण लेखी द्यावे लागावे. आणि ठरावीक संख्येने सभासदांनी सहीनिशी मागितलेला चित्रपट लावणे संस्थेला बंधनकारक असावे. साखर सगळी सारखीच असते, चित्रपट प्रत्येक वेगळा असतो, म्हणून साखरेचे पोटनियम येथे उचलून चालणार नाहीत. या नियमांनीही दांडगाई समूळ जाईल असे मी म्हणत नाही. मात्र जेथे पडदा आपला आहे तेथे दांडगाईशी निदान झगडता येते. जेथे तो परक्याचा आहे तेथे झगडावयास समोर मनुष्यच नसतो.

अशी संस्था काही वर्षे टिकली, तर तिचा खरा लाभ उत्पन्नात नव्हे, दुसऱ्या चित्रपटात दिसेल. पहिला चित्रपट मनुष्य कसाही काढतो. ऐन उमेदीत घर विकून, मित्रांकडून उसने घेऊन तो काढतोच. कारकीर्द मोडते ती दुसऱ्या आणि तिसऱ्याच्या मध्ये. कारखाना जसा सभासदाला हंगामापूर्वी उचल देतो, तशी उचल या संस्थेने पहिला चित्रपट गावोगाव नेलेल्या दिग्दर्शकाला त्याच्या पुढच्या चित्रपटावर द्यावी, आणि ती पुढच्या खेळांच्या वाट्यातून हप्त्याहप्त्याने वळती करावी. तारण म्हणून त्याच्या आधीच्या खेळांची पावतीपुस्तके पुरेशी मानावीत, म्हणजे सातबाऱ्याला हात लावावा लागणार नाही.